युद्धनौकेवरच्या जुन्या फिल्ममधे जहाज चालवणारे का दिसत नाहीत?

मागच्या महिन्यात आमच्या फॅमिली ग्रुपवर एक क्लिप फिरत होती. "१२० वर्षांपूर्वीचं युद्धनौकेवरचं जीवन, फुल एचडी, कलरमधे", आणि खाली नेहमीप्रमाणे हात जोडलेले इमोजी, कुणाचं तरी "अप्रतिम", कुणाचं तरी "आपल्याकडे असं जपत नाहीत". क्लिप खरंच बघण्यासारखी होती हं. अनवाणी पायांनी डेक धुणारे नाविक, रांगेत उभं राहून तलवारीची कवायत करणारे, एक जण थेट कॅमेऱ्याकडे बघून दात काढतोय आणि मागे ही एवढी मोठी तोफ. आमचे मामा ३४ वर्षं मर्चंट नेव्हीत होते, सगळी नोकरी इंजिनरूममधे. त्यांनी क्लिप बघितली आणि ग्रुपवर एवढंच टाकलं, "छान आहे. पण ह्यात जहाज चालवतंय कोण?"

कुणी उत्तर दिलं नाही, विषय वाढदिवसाकडे गेला. पण माझ्या डोक्यात ते अडकलं, कारण खरंच, असल्या जेवढ्या म्हणून जुन्या फिल्म नेटवर सापडतात त्या बहुतेक सगळ्यांत डेक आहे, ऊन आहे, समुद्र आहे, आणि जहाजाच्या पोटातलं काहीच नाही. मग वाचत बसले. त्यातून जे कळलं ते इथे लिहितेय, कारण असल्या क्लिप आता रोज येतात आणि त्या बघताना आपण नक्की काय बघतोय हे कुणी सांगत नाही.

आधी बॅटलशिप म्हणजे काय

आपल्या पेपरात नौदलाच्या कुठल्याही मोठ्या जहाजाला युद्धनौका म्हणतात, त्यामुळे घोळ होतो. बॅटलशिप ही त्यातली एक खास जात, आणि ती आता जवळपास संपलेली आहे. जाड पोलादी चिलखत आणि त्या काळातल्या सगळ्यात मोठ्या तोफा, ही तिची ओळख. आपल्या स्वतंत्र भारताच्या नौदलात विमानवाहू जहाजं आली, विनाशिका आल्या, फ्रिगेट आल्या, पण बॅटलशिप कधीच नव्हती.

सगळ्यात गाजलेली म्हणजे ब्रिटिशांची 'ड्रेडनॉट', १० फेब्रुवारी १९०६ ला पाण्यात उतरवली. तिच्यावर १२ इंची तोफा होत्या, एकूण १०. १२ इंच म्हणजे तोफेची लांबी नव्हे, नळीच्या तोंडाचा व्यास, म्हणजे आपलं घरातलं जेवणाचं ताट त्या तोंडावर झाकण म्हणून बसेल. माणसं सातशेच्या वर. आणि हे सगळं पळायचं कोळशावर. पूर्ण भरली तर जवळपास २,९०० टन कोळसा तिच्या पोटात मावायचा, दहा टनी ट्रक धरला तर २९० ट्रक, ही रांग डोळ्यासमोर आणून बघा.

तर अशा जहाजाची रचना डोक्यात बसवायची तर एखाद्या जुन्या चाळीचा विचार करा. वर गच्ची, म्हणजे डेक, तिथे तोफा, कवायत, झेंडे, साहेब लोक. मधल्या मजल्यांवर माणसांची दाटी, रात्री एकमेकांना चिकटून टांगलेल्या झोळ्या, त्याच जागेत दिवसा जेवणाची टेबलं. आणि सगळ्यात खाली, पाण्याच्या पातळीच्याही खाली, भट्ट्या. तिथे बॉयलरखाली फावड्याने कोळसा टाकणारे, राख काढणारे, कोठारातून कोळसा ढकलत आणून देणारे. मुंबईहून सुटणाऱ्या व्यापारी बोटींवर ह्या भट्टीवाल्यांना आगवाले म्हणायचे आणि कोळसा आणून देणाऱ्यांना कोयलावाले. शब्द चांगले आहेत, पुढे तेच वापरते.

कॅमेरा जहाजावर चढला कसा

ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमधे पैसे घेऊन पहिला खेळ केला डिसेंबर १८९५ मधे, आणि सात महिने होतायत न होतायत तोवर ७ जुलै १८९६ ला मुंबईत वॉटसन हॉटेलात तोच तमाशा लागला. हे आपल्याकडे बऱ्याच जणांना माहीत असतं. पण त्यानंतर दोनच वर्षांत कॅमेरा नौदलाच्या जहाजावर पोचला होता हे मला तरी माहीत नव्हतं.

इंग्लंडमधे पोर्ट्समथ बंदराला लागून साउथसी म्हणून गाव आहे, तिथे आल्फ्रेड वेस्ट नावाचा फोटोग्राफर होता. घरचा स्टुडिओ, शिडाच्या शर्यतीच्या नौकांचे फोटो काढण्यात ह्यांचं नाव. १८९८ मधे त्याला 'क्रेसेंट' ह्या जहाजावर शूटिंगची संधी मिळाली, त्या उन्हाळ्यात ह्या जहाजाचे कप्तान होते राणी व्हिक्टोरियाचे नातू, ड्यूक ऑफ यॉर्क. क्रेसेंट ही काटेकोरपणे बॅटलशिप नव्हती, क्रूझर होती, म्हणजे जरा हलकी आणि चपळ, पण वरचं रोजचं आयुष्य तेच. वेस्टच्या त्या फिल्म त्याच वर्षी खुद्द राणीला दाखवल्या गेल्या. पुढे त्याने नौदलावरच्या अशा फिल्मचा मोठा साठा केला आणि 'आपलं नौदल' अशा अर्थाच्या नावाने लंडनच्या रीजंट स्ट्रीटवर त्याचे खेळ लावले, ते दहा वर्षांहून जास्त चालले.

आणि हे ड्यूक ऑफ यॉर्क कोण, तर नंतरचा पाचवा जॉर्ज! १९०५ च्या नोव्हेंबरात हेच गृहस्थ युवराज म्हणून मुंबईला आले ते 'रिनाउन' नावाच्या बॅटलशिपवर बसून, आणि १९११ ला राजा म्हणून परत आले, ज्याची आठवण म्हणून आपण गेटवे ऑफ इंडियासमोर आजही सेल्फी काढतो. म्हणजे गेटवे ज्याच्यासाठी बांधला त्याच माणसाच्या जहाजावर ह्या सगळ्या प्रकाराची सुरुवात झाली. मला उगाच मजा वाटली वाचताना.

बरं, नौदलाने कॅमेरा चढू कसा दिला? लष्कर म्हटलं की गुपित, असं आपल्याला वाटतं. त्याचं कारण साधं, पैसा आणि पोरं. ब्रिटनने १८८९ मधे कायदाच केला होता, आपलं नौदल जगातल्या पुढच्या दोन नंबरच्या नौदलांच्या बेरजेएवढं हवं. एवढा खर्च म्हणजे कर, आणि कर देणाऱ्याला आपल्या पैशाचं काय होतंय हे दाखवायला नको का. शिवाय समुद्र कधी न बघितलेल्या गावातल्या पोरांना भरतीला आणायचं होतं. त्यामुळे अशा फिल्मना दारं उघडी होती, पण कुठली दारं उघडी ते अर्थात यजमान ठरवणार.

सगळे असे पळत का असतात?

हा प्रश्न सगळ्यांना पडतो. शाळेत वहीच्या कोपऱ्यात प्रत्येक पानावर थोडं थोडं वेगळं चित्र काढून पानं फर्रकन सोडायचो आठवतं? सिनेमा तेवढाच आहे. त्यातलं प्रत्येक चित्र म्हणजे फ्रेम. त्या वेळी कॅमेरामन हाताने हँडल फिरवायचा आणि साधारण सेकंदाला १६ फ्रेम पडायच्या, साधारणच, कारण हात शेवटी हात असतो, दमला की हळू, घाईत असला की जोरात.

पुढे बोलपट आले आणि सेकंदाला २४ फ्रेम असं पक्कं ठरलं. आता १६ च्या हिशोबाने काढलेली वही २४ च्या हिशोबाने फडफडवली तर काय होणार, एक मिनिटाचं काम चाळीस सेकंदांत उरकणार. टीव्हीवाल्यांनी वर्षानुवर्षं जुन्या फिल्म तशाच दाखवल्या आणि आपल्या मनात बसलं की जुन्या काळातली माणसं टुणटुण चालायची. ती आपल्यासारखीच चालायची हो. वेग नीट करून दाखवला तर तो डेक धुणारा नाविक एकदम ओळखीचा वाटायला लागतो, म्हणजे सोमवारी सकाळी कुणीही जसं काम करतं तसा, रमतगमत.

ह्याला एक अपवाद होता. बायोग्राफ नावाची अमेरिकन कंपनी ६८ मिलिमीटर रुंदीची फिल्म वापरायची, नेहमीच्या ३५ च्या जवळपास दुप्पट रुंद, आणि कॅमेरा मोटरवर चालायचा, सेकंदाला तीस-चाळीस फ्रेम. कॅमेरा म्हणजे एक धूडच, पण चित्र असं स्वच्छ की आज बघितलं तरी विश्वास बसत नाही. ह्या साठ्यातला बराच भाग ब्रिटन, हॉलंड आणि न्यूयॉर्कच्या फिल्म संग्रहांत आहे. त्यामुळे एखादी जुनी क्लिप फारच छान दिसली म्हणजे लगेच "एआय आहे" म्हणून उडवून लावू नका, ती बायोग्राफची असू शकते.

आता मामांचा प्रश्न

खाली, भट्ट्यांजवळ, कॅमेरा का गेला नाही?

पहिलं कारण उजेड. सेकंदाला १६ फ्रेम म्हणजे एका फ्रेमच्या वाट्याला सेकंदाचा सोळावा भाग, त्यातला साधारण अर्धा वेळ झडप बंद, कारण तेवढ्यात फिल्म पुढे सरकायची असते. उरला सेकंदाचा तिसावा-बत्तिसावा भाग, आणि त्या वेळची फिल्म आपल्या मोबाईलच्या मानाने अगदीच मंद, लख्ख ऊन असेल तरच काहीतरी उमटणार. म्हणून तर त्या काळातले स्टुडिओ काचेच्या छपराचे असायचे, नाहीतर सरळ उघड्यावर दिवाणखान्याचा सेट लावायचे आणि वाऱ्याने टेबलक्लॉथ उडायचा.

पण मला जे सगळ्यात भारी वाटलं ते हे नाही. त्या वेळच्या फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही. खरंच. तिला निळा रंग उत्तम दिसायचा आणि लाल म्हणजे तिच्या लेखी अंधार. म्हणून जुन्या फिल्ममधे आकाश पांढरं फटक असतं आणि लालबुंद ओठ काळे. सगळे रंग नीट पकडणारी फिल्म सर्रास वापरात आली ती १९२० च्या दशकात.

आता भट्टीपाशी उभं राहून विचार करा. पाण्याखालचा मजला, एकही खिडकी नाही. विजेचे दिवे जहाजावर आलेले होते, पण ते कार्बनच्या तारेचे, पिवळट तांबूस उजेडाचे. मधूनच आगवाला भट्टीचं दार उघडतो आणि आतून भसकन उजेड त्याच्या अंगावर येतो, घामाने निथळलेला माणूस, हातात फावडं, चेहरा उजळलेला. कुठल्याही चित्रकाराने जीव टाकावा असा क्षण! आणि तो उजेड नेमका लाल-नारिंगी, म्हणजे तिथला सगळ्यात मोठा दिवा कॅमेऱ्यासाठी जवळपास विझलेलाच. डोळ्याला जे लख्ख दिसतंय तिथे फिल्म आंधळी.

दुसरं कारण धोका. त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची, कापूस आणि नायट्रिक ॲसिडपासून बनवलेली, म्हणजे नात्याने स्फोटक दारूची चुलत बहीणच. एकदा पेटली की विझत नाही, जळताना स्वतःचा ऑक्सिजन स्वतःच तयार करते त्यामुळे पाण्यातही जळत राहते. मे १८९७ मधे पॅरिसला एका धर्मादाय जत्रेत सिनेमाच्या खोलीतून आग लागली आणि सव्वाशेवर माणसं गेली. तिथे पेटला होता तो प्रोजेक्टरच्या दिव्यासाठीचा इथर, पण सिनेमा म्हणजे आग हे समीकरण तेव्हापासून लोकांच्या मनात बसलं. आता असलं सामान घेऊन भट्ट्यांच्या शेजारी, दारूगोळ्याच्या कोठारापासून चार भिंती पलीकडे कोण जाऊ देणार?

आणि तिसरं कारण मला वाटतं खरं मोठं आहे. लग्नाचा व्हिडिओ आठवा. सनई, वरमाला, नवरीचा मेकअप, काकांचा डान्स, पंगतीत जिलबी वाढतानाचा क्लोजअप. मांडवामागे पहाटे चारपासून चुलाणापुढे उभा असलेला आचारी किती लग्नांच्या व्हिडिओत बघितलात? तिथे उजेडही असतो आणि कॅमेरासुद्धा जाऊ शकतो, पण जात नाही, कारण व्हिडिओचे पैसे देणाऱ्याला तो नकोय. भरतीसाठी पोरं आणायचीत तर तुम्ही त्यांना मोकळी हवा, कवायत, दोरी ओढायच्या शर्यती, जहाजावर पाळलेला बोकड हे दाखवणार, का कोळशाच्या धुळीत खोकणारा माणूस दाखवणार? आणि कोळशाच्या काळात मोठ्या युद्धनौकेवरच्या माणसांचा ढोबळमानाने तिसरा भाग हा इंजिन आणि भट्ट्यांवर असायचा. म्हणजे लग्नातला तिसरा हिस्सा माणसं अल्बमातून गायब.

"पण कारखान्यांच्या आतली फिल्म तर आहे की"

हो, आहे. बरोबर मुद्दा आहे. १९०४ मधे बायोग्राफने अमेरिकेत वेस्टिंगहाउसच्या कारखान्यांत आतलं शूटिंग केलं आणि ते उत्तम आहे. पण त्यासाठी पाऱ्याच्या वाफेचे दिवे लावले होते, ज्यांचा उजेड निळसर-हिरवट, फिल्मला बरोबर मानवणारा. कारखाना म्हणजे भलामोठा हॉल, जमीन हलत नाही, आणि मालकाला स्वतःलाच दाखवायची हौस. १८९९ मधे ह्याच कंपनीने रात्रीची एक बॉक्सिंगची लढत शूट केली तेव्हा डोक्यावर जवळपास ४०० आर्क दिवे टांगले होते आणि पैलवान उष्णतेने भाजून निघाले. बॉयलरच्या मधल्या अरुंद बोळात, जिथे दोन माणसं एकमेकांना घासून जातात, तिथे हे कुठे मांडणार. जमलं नसतंच असं मी म्हणत नाही, हट्ट धरला असता तर काहीतरी झालं असतं, पण हट्ट धरायला कुणाला पडलं होतं?

वर आणि खाली एकत्र दिसण्याचा एकच प्रसंग असायचा, कोळसा भरण्याचा. बंदरात कोळशाची बोट शेजारी लागली की सगळं जहाज कामाला, साधारण शंभर किलोची एकेक गोणी, ऑफिसरसुद्धा काळे व्हायचे, आणि जोर यावा म्हणून जहाजाचा बँड वाजत राहायचा. कुठल्या जहाजाने तासाला किती टन भरला ह्याच्या चक्क पैजा. हे काम उघड्यावर, दिवसा होत असल्यामुळे ह्याची चित्रं मिळतात. अशी फिल्म सापडली तर सोडू नका, तिथे साहेब आणि खलाशी ओळखू येत नाहीत.

मग ह्यात खोटं किती?

कवायत कॅमेऱ्यासाठी मुद्दाम केलेली असायची, हे गृहीतच धरा. पण त्यापलीकडे धडधडीत लबाड्याही झाल्या. फेब्रुवारी १८९८ मधे अमेरिकेची 'मेन' ही बॅटलशिप हवानाच्या बंदरात स्फोट होऊन बुडाली, अडीचशेहून जास्त नाविक गेले, देश खवळला. बायोग्राफकडे आयोवा आणि मॅसॅच्युसेट्स ह्या दोन बॅटलशिपची फिल्म तयार पडली होती. त्यांनी काय केलं, तर मॅसॅच्युसेट्सचं नाव बदलून 'मेन' केलं आणि तीच फिल्म लावली! थिएटरात लोक उभे राहून ओरडले म्हणे. आज आपण दुसऱ्याच देशातल्या पुराचा व्हिडिओ "आत्ताच सांगलीत" म्हणून फॉरवर्ड करतो ना, त्याचे हे खापरपणजोबा.

त्याच वर्षी क्युबाजवळ अमेरिका आणि स्पेनमधे झालेल्या सँटियागोच्या आरमारी लढाईचं तर विचारूच नका. ब्लॅकटन आणि स्मिथ ह्या दोघा अमेरिकेतल्या फिल्मवाल्यांनी ती लढाई टेबलावरच लढवली. त्यांनीच नंतर सांगितलेली हकीकत अशी, की जहाजांचे फोटो कापून उथळ पाण्यात तरंगत ठेवले, चिमूट चिमूट दारू उडवली, आणि धूर हवा म्हणून सिगार ओढून फुंकर मारली. स्मिथने ही गोष्ट थोडी तिखटमीठ लावून सांगितली असेल, पण खेळण्यातल्या जहाजांवर लढाया काढणारे त्या वेळी आणखीही होते.

उलटही घडलं. २१ जून १८९८ ला लंडनमधे 'अल्बियन' ही बॅटलशिप पाण्यात उतरवायचा समारंभ होता. जहाज घसरत पाण्यात शिरलं आणि त्या लाटेने माणसांनी भरलेला एक मचाण वाहून गेला, तीसहून जास्त माणसं बुडाली. रॉबर्ट पॉल हा फिल्मवाला होडीतून शूटिंग करत होता, त्याच्या होडीने काही जणांना वाचवलंही, आणि नंतर ती फिल्म दाखवावी की नाही ह्यावर पेपरात भांडण झालं. अपघाताचा व्हिडिओ काढायचा का मदत करायची, हा वाद मोबाईलमुळे आलेला नाही.

रंग भरले तर बिघडलं काय?

बघायला छान वाटतं हे मी नाकारत नाही, मीही बघते. पण काय केलंय ते समजून घ्या. सेकंदाला १६ फ्रेमची फिल्म '६० एफपीएस', म्हणजे सेकंदाला ६० फ्रेम, करून दाखवतात तेव्हा दर ६० मधल्या ४४ फ्रेम कॉम्प्युटरने मधल्या मधे कल्पनेने भरलेल्या असतात. जवळपास पाऊण फिल्म कधी कुणी काढलेलीच नाही. आजीची विरलेली पैठणी रफू करणं वेगळं, आणि चार बोटं जुनं कापड ठेवून बाकी नवीन विणून "आजीची पैठणी" म्हणणं वेगळं.

रंगांचं तर अजून अवघड. आपल्या डोक्यात आणि कॉम्प्युटरच्या डोक्यातसुद्धा युद्धनौका म्हटलं की राखाडी. पण १९०३ च्या आसपासपर्यंत ब्रिटिश युद्धनौकांचं शरीर काळं, वरचा भाग पांढरा आणि धुराडी पिवळसर बदामी असायची, बँडबाजाच्या गाडीसारखी ऐट. अमेरिकेने १९०७ ते १९०९ मधे १६ बॅटलशिप जगभर फिरवल्या त्या पांढऱ्याशुभ्र. तेव्हा १९०० च्या आधीच्या ब्रिटिश जहाजाच्या क्लिपमधे सगळं एकसारखं राखाडी दिसत असेल तर रंगवणाऱ्याने गृहपाठ केलेला नाही. आणि सीगलचे आवाज, शिट्ट्या, "ओ कॅप्टन" वगैरे जे ऐकू येतं ते तर पूर्ण आजचं, मूळ फिल्मला आवाज नव्हताच.

एवढं जुनं टिकलं कसं?

बरंचसं टिकलं नाही. नायट्रेट नुसतं जळत नाही, डब्यात पडून पडून चिकट होतं आणि शेवटी तपकिरी भुकटी होते. आपल्याकडे पुण्यात २००३ च्या जानेवारीत नायट्रेटच्या साठ्याला आग लागली तेव्हा किती जुने मराठी-हिंदी सिनेमे गेले त्याची हळहळ अजून आहे.

अमेरिकेतलं बरंच वाचलं ते एका कायद्याच्या अडाणीपणामुळे. १९१२ पर्यंत तिथल्या कॉपीराइट कायद्यात सिनेमा हा प्रकारच नव्हता, फोटो होता. मग कंपन्यांनी डोकं चालवलं, अख्खी फिल्म कागदाच्या लांब पट्टीवर फोटो म्हणून छापायची आणि सरकारी ग्रंथालयात जमा करायची. फिल्म जळाल्या, कुजल्या, कागदाच्या गुंडाळ्या तशाच कपाटात. १९५० च्या दशकात त्या कागदावरून एकेक फ्रेम परत फिल्मवर उतरवली, तीन हजारांच्या आसपास फिल्म अशा परत आल्या. म्हणजे ओरिजिनल गेलं आणि झेरॉक्सवरून घर चाललं. म्हणूनच त्यातल्या काही क्लिप खरखरीत, जरा पुसट दिसतात, तो दोष कॅमेऱ्याचा नाही.

बघताना कुठे बघायचं

टायटलवरच्या वर्षावर विश्वास ठेवू नका, फिल्ममधेच बघा. नाविकांच्या डोक्यावर गवताच्या विणीच्या रुंद काठाच्या टोप्या असतील तर ब्रिटिश नौदलात त्या १९२१ ला बंद झाल्या, म्हणजे त्याच्या आधीचं. टोपीच्या पट्टीवर जहाजाचं नाव असतं, फिल्म बायोग्राफच्या प्रतीची असेल तर वाचता येतं. ब्रिटिश नाविकाला नुसत्या मिशा ठेवायला परवानगी नव्हती, ठेवायची तर पूर्ण दाढी-मिशी, त्यामुळे एकट्या झुपकेदार मिशा दिसल्या तर तो बहुधा जहाजावरचा सैनिक असेल किंवा जहाज दुसऱ्या देशाचं.

क्षितिज बघा. कॅमेरा तिपाईवर, तिपाई डेकवर, त्यामुळे जहाज स्थिर दिसतं आणि मागचा समुद्रच वरखाली झुलतो. बंदरात बांधलेल्या जहाजावर शूट केलं असेल तर तो झुलत नाही. जेवणाच्या टेबलाचं दृश्य असेल तर सावल्या बघा. खालच्या मजल्यावर म्हणे जेवतायत, आणि टेबलाखाली उन्हाची कडक काळी सावली पडलीय, म्हणजे टेबल उचलून वर आणलंय.

आणि कोळशाची धूळ. 'क्वीन एलिझाबेथ' ही बॅटलशिप १९१३ ला पाण्यात उतरली, ती पूर्ण तेलावर चालायची, तिथून पुढे हळूहळू कोळसा सुटत गेला. काळ्या गोण्या, काळे चेहरे आणि तो बँड फिल्ममधून निघून गेला. म्हणजे नीट शूट करता येणारी फिल्म आली तोवर शूट करण्यासारखे आगवाले उरलेच नव्हते फारसे.

हे सगळं मी मागच्या रविवारी मामांना सांगितलं, आणि त्याच क्लिपची मूळ, रंग न भरलेली प्रत लॅपटॉपवर लावून दिली, वेग कमी करून. मामा खुर्ची ओढून बसले. कवायत, डेक धुणं, तो दात काढणारा मुलगा, सगळं झालं. मग एका जागी म्हणाले, "थांबव." मला वाटलं तोफ बघायचीय. त्यांनी स्क्रीनवर बोट ठेवलं ते वरच्या कोपऱ्यात, धुराड्यावर, जिथून इतका वेळ हलका करडा धूर निघत होता आणि आता एकदम काळा लोट आला होता.

"आत्ता टाकला बघ कोळसा," मामा म्हणाले. "आणि जरा जास्तच टाकला. सारख्या हाताने थोडा थोडा टाकला की धूर असा काळा येत नाही. आमच्या वेळी तेल होतं, पण धुराचं गणित तेच. युद्धनौकेवर तर ह्याला शिव्या पडल्या असतील, असा धूर लांबून दिसतो." मग थोडं मागे घ्यायला सांगितलं, परत बघितलं, आणि हसायला लागले. "नवीन पोरगं असणार खाली."